किनुयो तानाका : साधन की कर्ती?

युद्धोत्तर जपानी सिनेमाचा विषय निघाला की आधी दिग्दर्शकांची नावं येतात: कुरोसावा, ओझू, मिझोगुची, नारुसे. अभिनेत्रींचा उल्लेख होतो तो या नावांच्या आधाराने. सेत्सुको हारा ओझूची, हिदेको ताकामिने नारुसेची आणि किनुयो तानाका मिझोगुचीची. या वाटणीशी माझं भांडण आहे आणि तानाकाच्या बाबतीत ते सर्वांत तीव्र आहे. 1909 साली शिमोनोसेकीत जन्मलेली ही मुलगी 1924 साली शोचिकू कंपनीत आली, 1931 साली जपानच्या पहिल्या यशस्वी बोलपटाची नायिका झाली, पुढे सुमारे अडीचशे चित्रपटांत तिने कामं केली आणि 1953 ते 1962 या काळात सहा चित्रपट स्वतः दिग्दर्शित केले. माझं म्हणणं असं आहे: पराभवानंतर जपानी समाजाने स्वतःच्या अपमानाचा हिशेब बायकांच्या चारित्र्यावर चुकता करून घेतला. तानाकाने तो आधी भूमिकांमधून दाखवला, मग 1950 साली स्वतः सोसला आणि शेवटी दिग्दर्शक होऊन न्याय करायला बसलेल्यांकडेच कॅमेरा वळवला. या तीन गोष्टी सुट्या नाहीत, ती एकच कारकीर्द आहे. याविरुद्धचं मत सिनेमाच्या जाणकारांत चांगलंच रुजलेलं आहे आणि ते उथळ नाही. तेव्हा आपल्या जुन्या वादपद्धतीला धरून पूर्वपक्षाने आधी बोलावं हे बरं.

पूर्वपक्ष: तुम्ही कारकिर्दीची गोष्ट छान रचलीत, पण सिनेमा गोष्टीवर चालत नाही, पडद्यावर काय दिसतं त्यावर चालतो. तानाकाचं नाव आज जगभर का घेतलं जातं? ‘ओहारूचं जीवन’, ‘उगेत्सू’, ‘सान्शो दायू’ या तीन चित्रपटांमुळे. तिन्ही मिझोगुचीचे, 1952 ते 1954 या सलग तीन वर्षांतले, आणि तिन्हींचा व्हेनिसला गौरव झाला. त्यांत कॅमेरा दूर उभा असतो, दृश्य न तोडता लांबत जातं, माणसं त्या चौकटीत चित्रातल्या आकृत्यांसारखी हलतात. जवळून घेतलेला चेहरा जवळपास नाहीच. अशा सिनेमात नटीचं काम रचनेत नेमक्या जागी असणं एवढंच. तीच तानाका 1938 साली ‘आइझेन कात्सुरा’मध्ये होती. तो चित्रपट तुफान चालला, पण आज त्याला अभ्यासकांपलीकडे फारसं कुणी विचारत नाही. नटी तीच, फरक दिग्दर्शकाचा. आणि तिच्या दिग्दर्शनाचं म्हणाल, तर पहिल्या चित्रपटाची पटकथा किनोशिता या दिग्दर्शकाची, दुसऱ्याची ओझूची. थोर माणसांनी हात धरून चालवलं आणि कंपन्यांना ‘बाई दिग्दर्शक’ ही जाहिरात मिळाली. जी थोर होती ती अभिनेत्री. त्या थोरपणाचा कर्ता मात्र दुसरा होता.

उत्तरपक्ष: तुम्ही मिझोगुचीच्या चौकटीबद्दल बोललात ते मला मान्य आहे. पण त्या चौकटीत नटाला वावरायला कसं लावलं जाई, हेही पाहायला हवं. मिझोगुची नटांना कसं करायचं ते सांगत नसे, ही गोष्ट त्याच्याबरोबर काम केलेल्या अनेकांनी नोंदवून ठेवली आहे. हात असा उचला, नजर तिकडे वळवा, असली सूचना नाही. तालमीवर तालमी घ्यायच्या, मनासारखं होईपर्यंत नाही म्हणत राहायचं आणि समोरच्याच्या कृतीला तुम्ही मनापासून प्रतिसाद देताय का, एवढंच विचारायचं. आता ‘कसं’ हे दिग्दर्शक सांगत नसेल तर पडद्यावर दिसणारं ‘कसं’ कुणाचं? नाकारण्याचा आणि निवडण्याचा अधिकार त्याचा होता, तेवढं श्रेय त्याला द्यायलाच हवं. पण ज्यातून तो निवडत होता ते घडवणारी ती होती. आणि कॅमेरा दूर असला, दृश्य पाच-पाच मिनिटं तुटत नसलं, तर नटीचं काम सोपं होत नाही. चेहऱ्याचा जवळचा तुकडा घालून चूक झाकता येत नाही. पाठ, मान, पायांची गती, किमोनोच्या बाहीत लपलेला हात, सगळ्यांना सलग बोलत राहावं लागतं.

‘ओहारू’मधलं एक दृश्य नीट पाहा. इहारा साइकाकूच्या 1686 सालच्या कथेवरचा हा चित्रपट. क्योतोच्या राजवाड्यात वावरलेली बाई उतरत उतरत रस्त्यावर येऊन उभी राहते, वय पन्नास, तोंडावर पांढऱ्या रंगाचा थर. एक म्हातारा यात्रेकरू तिला धर्मशाळेत घेऊन जातो. तिला वाटतं गिऱ्हाईक मिळालं. आत तरुण यात्रेकरूंचा घोळका बसलेला. म्हातारा दिवा तिच्या तोंडापाशी धरतो आणि पोरांना सांगतो, बघा हे थोबाड, अजून बाई विकत घ्यावीशी वाटते का? पुरुषांना सन्मार्गावर आणण्यासाठी एका बाईचं तोंड पुरावा म्हणून दाखवलं जातं. ती पैसे घेते, निघते. आणि दारापाशी जाऊन परत वळते. पंजे उगारून मांजराच्या पिशाचासारखा आविर्भाव करते, हसते आणि निघून जाते. दृश्य कथेत बसवलं ते लेखक-दिग्दर्शकांनी, हे खरंच. पण त्या वळण्यात जो राग आहे, विनोद आहे आणि त्या दोहोंखाली जे थकलेपण आहे, ते पटकथेच्या कागदावर लिहिता येत नाही. तुम्ही मला राक्षसीण ठरवलंत ना, मग घ्या राक्षसीण, असं ती बाई शरीराने सांगते. तिला कुणी साधन म्हणून वापरलं त्याच क्षणी ती साधन राहायचं नाकारते. हे दृश्य करणारी नटी तेव्हा बेचाळीस वर्षांची होती आणि दोनच वर्षांपूर्वी तिच्या स्वतःच्या तोंडावर असाच दिवा धरला गेला होता.

पूर्वपक्ष: म्हणजे अमेरिकेचा दौरा. तिथेही तुम्ही तिला बळी ठरवणार. पण त्या वेळचा जपान आठवा. शहरं जळून खाक झालेली, शिधा पुरत नाही, घराघरात कुणी ना कुणी मेलेला. ऑक्टोबर 1949 मध्ये ही बाई सदिच्छादूत म्हणून किमोनो घालून निघते आणि जानेवारी 1950 मध्ये उतरते ती परदेशी पोशाखात, काळा चष्मा लावून, गळ्यात हवाईच्या फुलांचा हार घालून. तोक्योतल्या गिंझाच्या रस्त्यावरून उघड्या गाडीतून लोकांकडे चुंबनं फेकते. देशाचा परकी सैन्याने ताबा घेतलेला असताना विजेत्याच्या देशाची नक्कल. लोक चिडले, वर्तमानपत्रांनी झोडपलं. यात अन्याय काय झाला?

उत्तरपक्ष: चिडण्याचं कारण मी नाकारत नाही. भुकेल्या माणसाला झगमगाट टोचतोच. प्रश्न असा आहे की तो राग कुणावर निघाला आणि कुणावर निघाला नाही. ऑगस्ट 1945 मध्ये, परकी फौज पुरती उतरायच्या आधीच, जपानच्या सरकारने त्या फौजेच्या सैनिकांसाठी कुंटणखान्यांची व्यवस्था करायला घेतली. त्यासाठी संस्था उभी केली, गरीब बायकांची भरती केली, आणि हे देशकार्य आहे असं त्यांना सांगितलं. काही महिन्यांत, 1946 साली, ती व्यवस्था बंद झाली आणि बायका रस्त्यावर आल्या. मग त्याच बायका देशाची लाज ठरल्या. योजना आखणाऱ्या अधिकाऱ्यांच्या चारित्र्याची चर्चा कुणी केली? अमेरिकी सेनाधिकाऱ्यांच्या पुढे वाकलेल्या मंत्र्यांना, उद्योगपतींना, संपादकांना कुणी विजेत्यांचे लाळघोटे म्हणून रस्त्यावर हिणवलं? तानाकावर जो राग कोसळला त्याचा साचा तोच होता. तिने काय केलं यापेक्षा ती बाई असून परक्यासारखी नटली, हे सलत होतं. तिच्या कपड्यांवर, चालण्यावर, हात हलवण्यावर लिहिलं गेलं. पाठोपाठ तिच्या वयावर. चाळिशीतली बाई तरुण नायिका शोभते का, हा प्रश्न उघडपणे विचारला जाऊ लागला. याच सुमारास ती शोचिकू सोडून स्वतंत्र झाली. पंचवीस वर्षांचं छत्र सोडून, आणि लोकप्रियता उतरणीला लागलेली असताना.

आता तिच्या त्याआधीच्या दोन भूमिका शेजारी ठेवून पाहा. दोन्ही 1948 सालच्या. ओझूच्या ‘वाऱ्यातली कोंबडी’मध्ये नवरा अजून युद्धावरून परतलेला नाही, पोर आजारी पडतं, दवाखान्याचं बिल भागवायला ती एक रात्र देह विकते. नवरा परत येतो, ती खोटं बोलू शकत नाही, सांगून टाकते. तो त्या जागेचा शोध घेत जातो, तिथे एक तरुण मुलगी भेटते, तिची परिस्थिती ऐकून त्याचं मन द्रवतं, तिला नोकरी मिळवून देण्याची खटपटही करतो. परक्या मुलीला क्षमा आहे, बायकोला नाही. शेवटी तो तिला ढकलतो आणि ती जिन्यावरून गडगडत खाली येते. कॅमेरा हलत नाही. ती खाली पडून राहते, मग एकेक पायरी धरत, लंगडत पुन्हा वर जाते. दुसरा चित्रपट मिझोगुचीचा ‘रात्रीच्या स्त्रिया’, ओसाकाच्या भग्न वस्तीतला. तिथे ती युद्धविधवा आहे, शेवटी रस्त्यावरची होते आणि पडक्या चर्चच्या आवारात इतर बायकांच्या टोळीसमोर किंचाळत उभी राहते. या दोन्ही चित्रपटांत पुरुष काय करतात ते दिसतं, पण कथेचा तराजू बाईच्या पापावर आणि तिच्या सुटकेवर टांगलेला आहे. ती पडली, आता तिला उठू द्यायचं की नाही? हा प्रश्न विचारणारा कोण, त्याला तो अधिकार कुणी दिला, हे तिथे पुरेसं विचारलं जात नाही.

पूर्वपक्ष: ओझू आणि मिझोगुचींनी जे विचारलं नाही ते तानाकाने विचारलं, असा तुमचा दावा दिसतो. फार मोठा दावा आहे.

उत्तरपक्ष: मोठा आहे, आणि त्याला पुरावाही आहे. तिचा पहिला चित्रपट ‘प्रेमपत्र’, 1953, शिन्तोहो कंपनीचा. परकी सत्ता एप्रिल 1952 मध्ये संपली होती. तोवर अमेरिकी सैनिक आणि जपानी बायका यांच्या संबंधांबद्दल पडद्यावर बोलायला सेन्सॉरची बंदी होती. बंदी उठली आणि पुढच्याच वर्षी तिने तो विषय घेतला. फुमिओ निवाच्या कादंबरीवर किनोशिताने पटकथा लिहिली. नौदलातून परतलेला रेइकिची हा नायक, मासायुकी मोरीने केलेला. तो शिबुयाच्या एका बोळात बसून पत्रं लिहून देतो. गिऱ्हाईक म्हणजे मायदेशी गेलेल्या अमेरिकी सैनिकांना इंग्रजीत पत्र धाडू पाहणाऱ्या बायका. कुणाला पैसे हवेत, कुणाला खरंच माणूस हवा आहे. एक दिवस त्या पडद्यापलीकडून जो आवाज ऐकू येतो तो त्याच्या हरवलेल्या प्रेयसीचा, मिचिकोचा असतो. योशिको कुगाने ती केली आहे. मिचिकोचं अमेरिकी माणसाशी नातं होतं, मूल झालं, ते गेलं. रेइकिची तिच्यावर तुटून पडतो. आपण तिची वर्षानुवर्षं वाट पाहिली याचा त्याला केवढा अभिमान आहे. आणि इथे चित्रपट त्याच्याकडे वळतो. मिचिको दोषी की निर्दोष याची उस्तवार न करता तानाका या सज्जन, दुखावलेल्या, स्वतःला शुद्ध समजणाऱ्या माणसाला तपासत राहते. त्याचा मित्र यामाजी त्याला खडसावतो: युद्धाची जबाबदारी आपल्या सगळ्यांची आहे, मग तिच्यावर दगड उचलायचा अधिकार कुणाला? शेवटी मिचिको गाडीखाली येते, रेइकिची तिच्याकडे निघतो आणि चित्रपट तिथेच थांबतो. क्षमा मागायची पाळी त्याची आहे, एवढं ठरलेलं असतं. या चित्रपटात तानाकाने स्वतःसाठी एक छोटी भूमिका ठेवली आहे, आणि ती भूमिका पत्र लिहून घ्यायला आलेल्या बायकांपैकी एकीची आहे. तीनच वर्षांपूर्वी जिला अमेरिकेच्या नादी लागलेली म्हणून हिणवलं गेलं, ती स्वतःच्या पहिल्या चित्रपटात त्याच रांगेत जाऊन उभी राहते.

पूर्वपक्ष: पण ती वाक्यं किनोशिताची आहेत. दगडाचं ते बोलणं त्याने लिहिलं.

उत्तरपक्ष: ‘ओहारू’ची पटकथा योशिकाता योदाने लिहिली. ओझूच्या पटकथा कोगो नोदाबरोबर लिहिलेल्या आहेत. म्हणून ‘ओहारू’ मिझोगुचीचा नाही किंवा ‘तोक्यो कथा’ ओझूचा नाही, असं तुम्ही कधी म्हटल्याचं ऐकिवात नाही. पटकथाकार दुसरा असला की पुरुष दिग्दर्शकाचं कर्तेपण शाबूत राहतं आणि बाईचं मात्र उसनं ठरतं, हा न्याय मला कळत नाही. हात धरून चालवलं म्हणता, तर तेही पाहू. ‘प्रेमपत्र’च्या आधी तिने नारुसेच्या ‘भाऊ-बहीण’ या चित्रपटावर साहाय्यकाचं काम केलं. चाळिशी ओलांडलेली, देशातली सर्वांत नावाजलेली नटी शिकाऊ म्हणून सेटवर उभी राहते. त्याला मी हात धरणं म्हणणार नाही, कसब शिकणं म्हणेन. दुसऱ्या चित्रपटाच्या वेळी, ‘चंद्र उगवला’ या ओझूच्या पटकथेच्या वेळी, तिला विरोध झाला तो कुणाकडून? दिग्दर्शक संघाच्या अध्यक्षपदी असलेल्या मिझोगुचीकडून. ओझू तिच्या बाजूने उभा राहिला आणि 1955 साली तो चित्रपट झाला. हाताला धरणारे होते तसे हात सोडवून घेणारेही होते, आणि त्यांत तुम्ही ज्याला तिच्या थोरपणाचा कर्ता म्हणता तोच पुढे होता.

त्या चित्रपटातलं एक लहानसं दृश्य मला फार बोलकं वाटतं. नारामधलं घर, धाकटी मुलगी सेत्सुको बहिणीचं लग्न जुळवायच्या खटपटीत असते. तिला दुसऱ्याच बाईच्या नावाने एक फोन करवून घ्यायचा आहे आणि त्यासाठी ती घरातल्या मोलकरणीला तालीम देते. हे वाक्य असं म्हण, आवाज जरा नाजूक काढ, पुन्हा म्हण. मोलकरीण बिचारी अवघडून जाते, प्रत्येक वेळी चुकते. ही मोलकरीण खुद्द तानाकाने केली आहे. तीस वर्षं दिग्दर्शकांच्या सूचना ऐकलेली नटी कॅमेऱ्यामागे जाते आणि पहिल्यांदा मोकळेपणी हसते ती सूचना देण्या-घेण्याच्या याच व्यवहाराला. पटकथा ओझूची, पण त्या जागी स्वतःला बसवण्याचा निर्णय दिग्दर्शिकेचा.

त्याच वर्षीचा ‘स्तनहो, चिरंजीव व्हा’ हा तिचा सर्वांत धीट चित्रपट, आणि त्याची पटकथा सुमिए तानाका या लेखिकेची. होक्काइदोची तान्का कवयित्री फुमिको नाकाजो 1954 साली, एकतिसाव्या वर्षी स्तनाच्या कर्करोगाने गेली. पुढच्याच वर्षी तिच्या आयुष्यावर हा चित्रपट निघाला. यातली बाई कजाग नवऱ्यापासून वेगळी झालेली, दोन मुलांची आई, कविता लिहिणारी. शस्त्रक्रियेनंतर ती मैत्रिणीच्या घरी न्हायला जाते. तो टब मैत्रिणीच्या दिवंगत नवऱ्याचा, जो या कवयित्रीला मनातून आवडत असे. ती मुद्दाम तिथे न्हाते, मुद्दाम ते सांगते आणि आपली कापलेली छाती मैत्रिणीला पाहू देते. मैत्रीण तोंड फिरवते. कॅमेरा व्रण दाखवत नाही. तोंड फिरवणारीचा चेहरा दाखवतो. ‘ओहारू’मध्ये म्हाताऱ्याने दिवा बाईच्या तोंडापाशी धरला होता. इथे बाई स्वतः दाखवते आहे, कुणाला आणि किती ते स्वतः ठरवते आहे, आणि परीक्षा पाहणाऱ्याची होते आहे. मरणाच्या दारात असलेली ही बाई तरुण पत्रकाराला इच्छा बोलून दाखवते, देहाची, उघड. जपानी सिनेमात त्या काळी आजारी आईला असं बोलायची मुभा नव्हती. आई सोसणारी हवी. हे सोसणं पडद्यावर तानाकाने स्वतः किती वेळा केलं होतं! ‘सान्शो दायू’मध्ये सादोच्या किनाऱ्यावरची आंधळी आई करून तिला जेमतेम वर्ष झालं होतं.

पूर्वपक्ष: सोसण्याचा विषय तुम्हीच काढलात तर एक गोष्ट विचारतो. युद्धाच्या काळात हीच बाई राष्ट्रधोरणाचे चित्रपट करत होती. 1944 सालचा ‘सेना’ हा लष्कराच्या पाठिंब्याने निघालेला. त्यात मुलाला सैन्यात पाठवणारी आई ती आहे. कितीतरी मुलं अशाच आया पाहून गेली असतील. युद्धाची जबाबदारी सगळ्यांची, असं ‘प्रेमपत्र’मध्ये ती म्हणवून घेते, तेव्हा त्या ‘सगळ्यांत’ तीही येते ना?

उत्तरपक्ष: येते. यावर माझ्याकडे बचाव नाही आणि तो शोधायचीही गरज वाटत नाही. मी तिला निष्कलंक ठरवायला निघालेलो नाही. निष्कलंक बाईच बोलायला पात्र असते, ही कल्पनाच तर तिच्या चित्रपटांनी मोडून काढली. एक मात्र तपासून पाहा. ‘सेना’च्या शेवटी आई घरात बसलेली असते, लांबून बिगुल ऐकू येतो आणि ती धावत सुटते. शहराच्या रस्त्यांवरून, गर्दीतून, कूच करणाऱ्या रांगेशेजारून, मुलाचा चेहरा शोधत. कित्येक मिनिटं जवळपास संवाद नाही. शेवटी ती पडते, उठते, हात जोडते. ते पाहून लष्कराचे अधिकारी संतापले, कारण हा चेहरा मुलगा देशाला देऊन धन्य झालेल्या आईचा नव्हता. त्याची किंमत ‘सेना’चा दिग्दर्शक किनोशिताला मोजावी लागली. इथे शब्द प्रचाराचे होते आणि नटीचं शरीर त्या शब्दांना जुमानत नव्हतं. तुम्ही म्हणाल, हेही किनोशिताचं. असेल. पण मिझोगुची, ओझू, नारुसे, किनोशिता या एकमेकांशी फारसं साम्य नसलेल्या चार दिग्दर्शकांकडे एकाच नटीच्या देहात तोच हट्ट पुन्हा पुन्हा दिसतो, तेव्हा तो हट्ट कुणाचा हे ओळखायला फार कष्ट पडू नयेत.

पूर्वपक्ष: बरं. पण सहाच चित्रपट आणि 1962 नंतर एकही नाही. त्या सहांतही ‘भटकी राजकन्या’ हा दाइएई कंपनीचा रंगीत थाट, माचिको क्योचा तारकाचित्रपट, मांचुरियाच्या राजघराण्यातला. जपानने तिथे काय केलं यावर तो काही ठाम बोलत नाही. जिला सांगायचं होतं ती सांगत राहिली असती.

उत्तरपक्ष: ‘भटकी राजकन्या’बद्दल तुमचं मत मला पटतं. तो चित्रपट ज्या इतिहासाच्या मधोमध उभा आहे त्याच्याकडे पाहताना त्याचा धीर सुटतो. पण मिझोगुचीही 1940च्या दशकाच्या शेवटी घसरणीला लागला आहे असं टीकाकार म्हणत होते. त्याला आणखी संधी मिळाली आणि ‘ओहारू’ झाला. अपयशानंतर पुन्हा काम मिळणं हाही कलावंताच्या घडणीचा भाग असतो, आणि तो सगळ्यांच्या वाट्याला सारखा येत नाही. तिच्याआधी जपानमध्ये एकाच बाईने कथापट दिग्दर्शित केला होता, ताझुको साकाने, 1936 साली. युद्धानंतर साकानेला दिग्दर्शन मिळालंच नाही, ती मिझोगुचीच्याच सेटवर चित्रीकरणाच्या नोंदी ठेवत राहिली. कंपन्यांमध्ये साहाय्यक दिग्दर्शक म्हणून भरती व्हायची वाट बायकांना बंद होती, त्यामुळे दिग्दर्शकाच्या खुर्चीपर्यंत जाणारा जिनाच नव्हता. तानाका पोचली ती नटीच्या नावाच्या बळावर, बाजूच्या दाराने. तिचा शेवटचा चित्रपट ‘ओगिन’ हा 1962 साली ‘निन्जिन क्लब’ने काढला, तीन नटींनी 1954 साली उभारलेल्या संस्थेने. कंपन्यांच्या बाहेर बायकांनी बायकांसाठी जागा तयार केली तेव्हा तो झाला, हे लक्षात घ्या. ती थांबली असं तुम्ही म्हणता. माझ्या मते पुढे रस्ता बांधलेलाच नव्हता.

आणि थांबण्याआधी तिने 1961 साली ‘नुसत्या बायकांची रात्र’ केला, ज्यावर फार कमी बोललं जातं. वेश्याव्यवसायाला बंदी करणारा कायदा 1956 साली झाला, शिक्षेची कलमं एप्रिल 1958 पासून लागू झाली. कायद्यानंतर त्या बायकांचं काय झालं? चित्रपटाची नायिका कुनिको सुधारगृहातून बाहेर पडते, किराणा दुकानात लागते, कारखान्यात जाते, गुलाबांच्या मळ्यात काम करते. प्रत्येक ठिकाणी भूतकाळ बाहेर येतो. दुकानदार वेगळ्या नजरेने पाहू लागतो, कारखान्यातल्या मुली तिचा अमानुष छळ करतात, मळ्यातल्या प्रेम करणाऱ्या तरुणाचं खानदान आडवं येतं. तेरा वर्षांपूर्वी ‘रात्रीच्या स्त्रिया’मध्ये तानाकाने जी बाई केली होती, तिचीच पुढची गोष्ट म्हणून हा चित्रपट पाहता येतो. फरक एवढाच की आता बाई सुधारायची राहिलेली नाही. ती केव्हाच सुधारली आहे. समाजाने आपला शब्द पाळायचा राहिला आहे.

पूर्वपक्ष: दिग्दर्शिका म्हणून तिने हे केलं, हे मी आता मान्य करतो. पण मग तिचा शेवट? 1975 साली बर्लिनला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं रौप्य अस्वल मिळालं, तेही पुन्हा एका पुरुषाच्या, केई कुमाईच्या चित्रपटात. फिरून ती तिथेच आली.

उत्तरपक्ष: ‘सान्दाकान क्रमांक 8’, 1974. तोमोको यामाझाकी या अभ्यासक बाईंच्या पुस्तकावरचा. ओसाकी ही आमाकुसातली म्हातारी लहानपणी बोर्निओतल्या कुंटणखान्यात विकली गेलेली. आता ती मोडक्या झोपडीत राहते, गावाने आणि मुलाने टाकलेली. शहरातून आलेली केइको खरं कारण न सांगता तिच्याकडे मुक्काम करते, तिची कहाणी काढून घेते आणि निघताना सगळं कबूल करते. तुला माझ्याबद्दल कधी विचारावंसं नाही का वाटलं, असं ती म्हातारीला विचारते. ओसाकीचं उत्तर असं की वाटलं, गावातल्या कुणाहीपेक्षा जास्त वाटलं, पण माणसाला काही गोष्टी सांगायच्या नसतात, आणि जे त्याने होऊन सांगितलं नाही ते आपण कसं विचारायचं? तानाका हे सांगते तेव्हा आवाजात उपकार नाही, मोठेपणा नाही. जन्मभर जिची चौकशी झाली ती दुसरीची चौकशी करत नाही. पुढे केइको पैसे देऊ पाहते तर म्हातारी ते नाकारते, केइकोने वापरलेला टॉवेल मागून घेते आणि तो छातीशी धरून ओक्साबोक्शी रडते. तुम्ही विचारलंत की ती फिरून तिथेच आली का. कुमाईने चौकट दिली, पुस्तक यामाझाकींचं होतं. पण ‘वाऱ्यातली कोंबडी’मध्ये जिन्यावर लंगडत चढणारी, 1950 साली गिंझात हिणवली गेलेली, ‘प्रेमपत्र’मध्ये रांगेत उभी राहिलेली आणि ‘नुसत्या बायकांची रात्र’ दिग्दर्शित केलेली बाई त्या झोपडीत बसली नसती, तर ते उत्तर इतक्या सहज देता आलं नसतं. मार्च 1977 मध्ये ती गेली. तिचे सहाही चित्रपट दुरुस्त होऊन एकत्रितपणे जगभर दिसायला 2021 उजाडावं लागलं. मिझोगुचीचे चित्रपट त्याआधी सत्तर वर्षं पाहिले जात होते. दोघांचं काम आता शेजारी शेजारी ठेवून पाहता येतं, तेव्हा जुनी वाटणी तशीच चालू ठेवायला तुमच्यापाशी कोणतं कारण उरलं आहे?